गळके डबे आणि अल अलामेन

बऱ्याच दिवसांनी लिहितोय. निमित्त अगदी साधं. गेल्या महिन्यात आईकडे गेलो होतो. माळा आवरताना पत्र्याचा एक जुना चौकोनी डबा सापडला. पूर्वी रॉकेल यायचं ना, तसला. आई म्हणाली, "टाकू नकोस, मामांनी तपासून घेतलेला आहे तो." आणि मग आम्ही दोघंही हसलो.

मामा म्हणजे तिचे मामा, माझे मामाआजोबा. घरात नवा डबा आला की ते त्यात काठोकाठ पाणी भरायचे आणि रात्रभर वर्तमानपत्रावर ठेवायचे. सकाळी कागदावर ओलसर डाग दिसला की डबा परत दुकानात. नळ ठिबकत असला तर त्यांना जेवण जायचं नाही. घरातल्या बायका त्यांना वैतागायच्या आणि आम्ही पोरं त्यांची नक्कल करायचो.

हे मामाआजोबा दुसऱ्या महायुद्धात होते. आफ्रिकेच्या वाळवंटात रसद नेणारी लॉरी चालवायचे. मी तेव्हा सातवी-आठवीत असेन. वाचनालयातून महायुद्धावरची पुस्तकं आणून फडशा पाडायचा तो काळ. रोमेल म्हणजे माझा हिरो. वाळवंटातला कोल्हा! गॉगल वर सरकवलेला त्याचा तो फोटो मी वहीच्या आत चिकटवला होता. एकदा धीर करून मामाआजोबांना विचारलं, "तुम्ही किती शत्रू मारले?"

ते म्हणाले, "एकही नाही बाळ. मी पाणी नेत होतो."

खरं सांगतो, माझा इतका विरस झाला की मी पुन्हा कधी त्यांना युद्धाबद्दल विचारलंच नाही. आता ते नाहीत, आणि विचारायचं मात्र खूप आहे. म्हणून निदान वाचून जे समजलं ते लिहून ठेवतोय. घरातली मंडळीही हे वाचतात, त्यांच्यासाठी खास.

तर मंडळी, उत्तर आफ्रिकेचं युद्ध समजून घ्यायचं तर आधी नकाशा डोळ्यांसमोर आणा. वर भूमध्य समुद्र, खाली वाळवंट, आणि किनाऱ्यालगत एक डांबरी रस्ता. पश्चिमेला लिबियातलं त्रिपोली, पूर्वेला इजिप्तमधलं अलेक्झांड्रिया. मध्ये दोन हजार किलोमीटर. या पट्ट्यात पिकत काही नाही आणि गोडं पाणी अगदी थोडं. इतर ठिकाणी सैन्यं वाटेतली गावं लुटून जगतात, इथे लुटायला गावंच नाहीत. प्रत्येक गोळी, प्रत्येक बिस्कीट आणि पाण्याचा प्रत्येक थेंब मागून आणायचा.

त्यामुळे या युद्धाला झोपाळ्यासारखी गती आली. १९४० च्या सप्टेंबरात इटालियन सैन्य इजिप्तमध्ये शिरलं आणि सिदी बर्रानीला येऊन थांबलं. डिसेंबरात जनरल ओ'कॉनरच्या छोट्याशा सैन्याने (त्यात आपली चौथी भारतीय डिव्हिजन होती) त्यांच्यावर हल्ला चढवला. दोन महिन्यांत इटालियन फौजा हटत हटत पार बेडा फोमपर्यंत गेल्या आणि सुमारे १ लाख ३० हजार कैदी मिळाले. मग फेब्रुवारी १९४१ मध्ये रोमेल त्रिपोलीला उतरला आणि झोपाळा उलटा फिरला. नोव्हेंबरात ब्रिटिशांनी त्याला मागे रेटलं. जानेवारी १९४२ मध्ये तो पुन्हा पुढे आला.

लहानपणी मला वाटायचं की ही सगळी सेनापतींच्या डोक्याची करामत. थोडीफार होतीच. पण नीट पाहिलं तर दरवेळी तेच घडताना दिसतं. जो जिंकत पुढे जातो, त्याचं बंदर मागे राहतं. पेट्रोल नेणाऱ्या लॉऱ्या स्वतःच त्यातला मोठा वाटा पिऊन टाकतात. गाड्या बिघडतात, सुटे भाग मिळत नाहीत. आणि जो हरत मागे जातो, तो आपल्या कोठारांच्या जवळ येतो, म्हणजे हरता हरता बळकट होतो. रबर ताणल्यासारखं. जितकं ताणाल तितकं मागे ओढणार.

आता त्या डब्यांची गोष्ट. ब्रिटिश सैन्य पेट्रोल आणि पाणी चार गॅलनच्या (साधारण १८ लिटर) पातळ पत्र्याच्या चौकोनी डब्यांतून न्यायचं. हुबेहूब आपले रॉकेलचे डबे. ते इतके तकलादू होते की खडकाळ वाटेने लॉरी उडत गेली की सांधे उचकटायचे. कधीकधी तर निघालेल्या पेट्रोलपैकी एक तृतीयांश वाटेतच सांडून जायचं. जर्मनांकडे मात्र जाड पत्र्याचा, मजबूत झाकणाचा २० लिटरचा कॅन होता. ब्रिटिश सैनिक हे कॅन लढाईतली लूट म्हणून जपून ठेवत. शेवटी ब्रिटिशांनी त्याची सरळ नक्कल केली. त्याचं नाव जेरीकॅन पडलं ते जर्मनांच्या टोपणनावावरून, आणि आजही जगभर तेच चालतं.

हे वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून जरा वेळ नुसता बसलो. वर्तमानपत्रावर रात्रभर ठेवलेला डबा आठवला. आम्ही त्याची नक्कल करायचो...

पाण्याचं रेशन माणशी दिवसाला सुमारे एक गॅलन, कधी त्याच्याही खाली. पिणं, चहा, स्वयंपाक, धुणं सगळं त्यातच. आणि गाडीच्या रेडिएटरलाही पाणी लागायचंच. मामाआजोबा सांगायचे (हे आईने सांगितलेलं) की दाढीचं पाणी फेकायचं नाही, फडक्यातून गाळून रेडिएटरमध्ये ओतायचं.

असो. तर १९४२ चा उन्हाळा. मे-जूनमध्ये गझालाच्या लढाईत रोमेलने ब्रिटिशांच्या आठव्या आर्मीची दाणादाण उडवली आणि तोब्रुक बंदराला वेढा घातला. आदल्या वर्षी याच तोब्रुकने महिनोन्‌महिने वेढ्यात तग धरला होता. पण आता तिथला खंदक वाळूने भरत आला होता आणि बरेच सुरुंग काढून दुसरीकडे नेले होते. २० जूनच्या सकाळी विमानांनी बाँब टाकले आणि आग्नेयेकडून जर्मन रणगाडे आत घुसले. त्या बाजूला पहिला तडाखा बसला तो आपल्या मराठा पलटणीला, पाचव्या मराठा लाइट इन्फन्ट्रीच्या दुसऱ्या बटालियनला. दुसऱ्या दिवशी तोब्रुक पडलं. सुमारे ३३ हजार माणसं कैद झाली. त्यात ही मराठी पोरंही होती. कोकणातून, घाटावरून गेलेली ही पोरं इटलीच्या छावण्यांत जाऊन पडली.

ही बातमी आली तेव्हा चर्चिल वॉशिंग्टनला रूझवेल्टसमोर बसले होते. रूझवेल्टनी विचारलं, काय मदत करू? चर्चिलनी शर्मन रणगाडे मागितले. ३०० शर्मन आणि १०० स्वयंचलित तोफा जहाजांवर चढल्या. माझ्या मते दोस्तांचा विजय या बैठकीतच सुरू झाला. रोमेलला त्याच दिवसांत फील्ड मार्शलची बढती मिळाली, पण बढतीवर गाडी चालत नाही.

इथे रोमेलने एक जुगार खेळला. मध्यसमुद्रात माल्टा नावाचं चिमुकलं बेट आहे. तिथून उडणारी ब्रिटिश विमानं आणि पाणबुड्या इटलीहून आफ्रिकेला जाणारी जहाजं बुडवत. तोब्रुक घेतल्यावर आधी माल्टा काबीज करायचं, असं जर्मन-इटालियन बेत ठरला होता. रोमेल म्हणाला, आता थांबायचं नाही, शत्रू पळतोय, थेट सुएझ गाठू. हिटलर-मुसोलिनीला पटलं. मुसोलिनी तर कैरोतल्या विजयी मिरवणुकीच्या तयारीने लिबियात येऊन बसला! कैरोत ब्रिटिश कचेऱ्यांनी कागदपत्रं जाळायला घेतली.

पण अलेक्झांड्रियाच्या अलीकडे १०० किलोमीटरवर अल अलामेन हे तेव्हा रेल्वेचं एक क्षुल्लक स्टेशन होतं. त्याच्या उत्तरेला समुद्र. दक्षिणेला सुमारे ६५ किलोमीटरवर कत्ताराचा खोलगट भाग, समुद्रसपाटीच्याही खाली, खारट दलदल आणि भुसभुशीत वाळू. रणगाडे तिथून जाऊच शकत नाहीत. वाळवंटात इतर सगळीकडे बगल देऊन मागे जाता येतं आणि रोमेल त्यातच वाकबगार. इथे बगलच नाही. जायचं तर समोरून.

१ जुलैला रोमेल तिथे धडकला. वाटेत देइर अल शाइन नावाच्या खोलगट जागी अठरावी भारतीय ब्रिगेड होती. इराकहून घाईघाईने आणलेली, वाळवंटाचा अनुभव नसलेली आणि अपुऱ्या तोफांची. संध्याकाळपर्यंत ती जवळजवळ संपली. पण तिने रोमेलचा जवळपास पूर्ण दिवस खाल्ला, आणि त्या एका दिवसात मागची फळी सावरली. जुलैभर जनरल ऑकिनलेकने ती फळी टिकवली. (हेच ऑकिनलेक पुढे १९४३ मध्ये भारतात सरसेनापती म्हणून परत आले.) त्याच महिन्यात ऑस्ट्रेलियन सैनिकांनी रोमेलची रेडिओ ऐकणारी तुकडीच पकडली. त्याआधी काही दिवस कैरोतल्या अमेरिकन लष्करी अधिकाऱ्याचे सांकेतिक संदेशही शत्रूला वाचता येईनासे झाले होते. म्हणजे कोल्ह्याचे दोन्ही कान गेले. ज्याला मी त्याची दिव्यदृष्टी समजत होतो, त्यातली निम्मी अशी चोरून ऐकलेली होती तर!

उलट दोस्तांचे कान शाबूत होते. इंग्लंडमध्ये ब्लेचली पार्कला एनिग्मा यंत्राचे जर्मन संदेश उलगडले जात. इटलीहून कुठलं जहाज केव्हा निघणार, त्यात पेट्रोल आहे की बटाटे, हे बऱ्याचदा आधीच कळायचं. मग त्या जहाजावर एक टेहळणी विमान 'सहज' घिरटी घालून जायचं, म्हणजे शत्रूला वाटावं की विमानानेच शोधलं. त्यानंतर पाणतीर.

आता दोन्ही बाजूंची वाट बघा. रोमेलची रसद इटलीहून समुद्र ओलांडून दोन-तीन दिवसांत आफ्रिकेला पोचे, आणि पुढे शेकडो किलोमीटर एका रस्त्याने. ब्रिटिशांची रसद इंग्लंडहून अख्ख्या आफ्रिकेला वळसा घालून सुएझला येई. सुमारे २० हजार किलोमीटर, दोन-तीन महिने. कागदावर रोमेल पुढे. पण लांबची वाट सुरक्षित होती आणि जवळची बुडत होती. शिवाय सुएझपासून आघाडी हाकेच्या अंतरावर, रेल्वे आणि पाण्याच्या नळासकट.

ऑगस्टचा दुसरा आठवडा मला फार विलक्षण वाटतो. ८ ऑगस्टला मुंबईत गवालिया टँकवर 'छोडो भारत'चा ठराव झाला. ९ च्या पहाटे पुढाऱ्यांना अटक झाली. त्याच आठवड्यात चर्चिल कैरोत सेनापती बदलत होते. आठव्या आर्मीसाठी निवडलेला जनरल गॉट ७ तारखेला विमान पाडलं गेल्याने मारला गेला, म्हणून माँटगोमेरीला बोलावलं. आणि त्याच आठवड्यात माल्टाकडे निघालेल्या १४ मालवाहू जहाजांपैकी ९ बुडाली, पाच पोचली. त्यातलं 'ओहायो' हे तेलवाहू जहाज अक्षरशः दोन्ही बाजूंनी धरून बंदरात आणावं लागलं. माल्टा वाचलं.

आमच्या घरात या आठवड्याचे दोन तुकडे होते. मामाआजोबांचे थोरले भाऊ त्याच ऑगस्टमध्ये चळवळीत तुरुंगात गेले. धाकटे वाळवंटात इंग्रजांची लॉरी चालवत होते. पुढे थोरल्यांना ताम्रपट मिळाला. तो बैठकीच्या खोलीत तसबिरीखाली होता आणि पाहुण्यांना दाखवला जायचा. धाकट्यांच्या युद्धाबद्दल कुणी बोलत नसे. "इंग्रजांच्या नोकरीत होता", एवढंच, तेही हळू आवाजात. दोघा भावांनी आपापसात यावर कधी वाद घातल्याचं आईला आठवत नाही. तुरुंगातून सुटल्यावर थोरल्यांनी पहिलं पत्र धाकट्यालाच लिहिलं होतं, असं ती सांगते.

पुन्हा वाळवंटात येऊ. माँटगोमेरी आला. माणूस गर्विष्ठ, सहकाऱ्यांना नकोसा होणारा. पण हिशोबाला पक्का. ऑगस्टच्या शेवटी रोमेलने आलम हाल्फाच्या टेकडीवर शेवटचा जोर लावला. त्याला कबूल केलेलं पेट्रोल समुद्रातच बुडालं. ५ सप्टेंबरपर्यंत तो परत फिरला. सगळे म्हणाले, आता पाठलाग करा! माँटगोमेरी हलला नाही. तयारी पूर्ण होईपर्यंत हलणार नाही म्हणाला. चर्चिलचा दबाव आला तरीही.

ती तयारी म्हणजे एक नाटकच होतं. हल्ला होणार उत्तरेला, पण शत्रूला वाटलं पाहिजे दक्षिणेला. उत्तरेत रणगाड्यांवर लाकूड-कापडाचे सांगाडे चढवले, वरून पाहता लॉरी वाटावी. जुन्या खंदकांच्या भिंतींना लावून पेट्रोलचे हजारो डबे रचले, हवाई फोटोत दिसूच नयेत असे. दक्षिणेत खोटी पाइपलाइन टाकायला घेतली, तीही रिकाम्या डब्यांची! रोज थोडी थोडी पुढे न्यायची, म्हणजे शत्रूने अंदाज बांधावा की हे काम नोव्हेंबरात संपेल, तोवर हल्ला नाही. (पाहा, इथेही डबेच.)

२३ ऑक्टोबर १९४२. पौर्णिमेच्या आसपासची रात्र. ९ वाजून ४० मिनिटांनी जवळजवळ ९०० तोफा एकदम उडाल्या. दोस्तांकडे सुमारे १ लाख ९५ हजार माणसं आणि हजारावर रणगाडे, त्यात अडीचशेच्या वर शर्मन. समोर साधारण निम्मं बळ. पण मध्ये होते साडेचार लाखांच्या आसपास सुरुंग. जर्मन त्याला सैतानाची बाग म्हणत. सॅपर्स संगिनीने वाळू टोचत, नाहीतर एका पोलिश इंजिनियरने बनवलेलं नवं शोधयंत्र फिरवत, पांढऱ्या फिती अंथरत पुढे सरकत होते. गोळ्या चालू असताना, उभ्याने.

रोमेल तर तिथे नव्हताच. आजारी, ऑस्ट्रियात विश्रांतीला. त्याच्या जागी आलेला जनरल श्टुमे दुसऱ्याच दिवशी हृदयविकाराने गेला. २५ ला संध्याकाळी रोमेल परतला. २६ ला 'प्रोझर्पिना' हे तेलवाहू जहाज तोब्रुकजवळ बुडालं, २८ ला 'लुइझियानो'. त्याचे रणगाडे एका टोकाहून दुसऱ्या टोकाला जाऊ शकत, पण परत येण्यापुरतं पेट्रोल उरलं नसतं.

लढाई ठरल्याप्रमाणे मुळीच झाली नाही. रणगाडे सुरुंगांत अडकले, अधिकारी एकमेकांवर चिडले, लंडनमध्ये चर्चिल अस्वस्थ. उत्तरेत ऑस्ट्रेलियन डिव्हिजनने दिवसेंदिवस मार खात जर्मनांना स्वतःकडे ओढून धरलं. मग २ नोव्हेंबरच्या पहाटे न्यूझीलंडच्या जनरल फ्रायबर्गच्या हाताखाली दुसरा मोठा घाव. त्या संध्याकाळी रोमेलकडे चालू स्थितीतले जेमतेम ३५ जर्मन रणगाडे उरले. त्याने माघारीची परवानगी मागितली, हिटलरचा हुकूम आला की विजय किंवा मरण. ४ नोव्हेंबरच्या पहाटे पाचव्या भारतीय ब्रिगेडने तोफांच्या आडोशाने पुढे जाऊन शेवटची भिंत फोडली, आणि त्या खिंडारातून रणगाडे बाहेर पडले. बारा दिवस लागले. आठव्या आर्मीची सुमारे साडेतेरा हजार माणसं मेली, जखमी झाली किंवा हरवली.

जर्मनांनी उपलब्ध गाड्या घेऊन माघार घेतली. दक्षिणेतलं इटालियन पायदळ तिथेच राहिलं, ना गाडी ना पाणी. हजारोंनी शरण आले. गाडी असलेला वाचतो आणि पाणी नसलेला हात वर करतो, एवढाच त्या चार दिवसांचा सारांश.

पुढचं थोडक्यात. ८ नोव्हेंबरला अमेरिकन-ब्रिटिश फौजा मोरोक्को-अल्जीरियात उतरल्या. आता शत्रू दोन्हीकडून पकडीत आला. २३ जानेवारी १९४३ ला त्रिपोली मिळालं. १३ मे १९४३ ला ट्यूनिशियात शेवट झाला, सुमारे अडीच लाख कैदी. जर्मन सेनापती फॉन आर्निम चौथ्या भारतीय डिव्हिजनच्या हाती लागला. अलामेननंतर याच डिव्हिजनला काही काळ रणांगणावरचं भंगार गोळा करायच्या कामाला लावलं होतं, हेही सांगायला हवं.

मग जिंकलं कोण? माँटगोमेरी? हो. ऑकिनलेकही, ज्याला काढून टाकलं. ब्लेचली पार्कमधल्या टंकलेखन करणाऱ्या मुली. माल्टाचे उपाशी रहिवासी. डेट्रॉइटचे कामगार. केपला वळसा घालणारे खलाशी, त्यांत आपलेही कितीतरी लष्कर. आणि रोज रात्री दिवे न लावता लॉरी हाकणारे ड्रायव्हर. रोमेल शूर आणि हुशार होता यात शंका नाही. पण त्याला रसद ही दुसऱ्या कुणीतरी सोडवायची कटकट वाटायची, आणि दोस्तांना उशिरा का होईना कळलं की वाळवंटात रसद हीच लढाई.

हा विजय आमचा होता का? मला सोपं उत्तर सापडलेलं नाही. ज्यांच्यासाठी आपली पोरं लढली त्यांनीच घरी आपल्या माणसांना कोंडलं होतं. आणि रोमेल सुएझला पोचला असता तर मागून आलेली राजवट काय असती हेही आता आपल्याला माहीत आहे. शिवाय ही जमीन होती इजिप्शियन लोकांची, त्यांना कुणी विचारलंच नव्हतं. पेरलेले सुरुंग पुढे कित्येक दशकं तिथल्या बेदूइन मेंढपाळांचे पाय नेत राहिले.

अल अलामेनला मोठी दफनभूमी आहे, सात हजारांहून जास्त थडगी. तिथेच एक वेगळं स्मारक आहे, ज्यांना त्यांच्या धर्माप्रमाणे अग्नी दिला गेला अशा सहाशेवर सैनिकांच्या नावांचं. थडगं नाही, फक्त नाव. एकदा जायचंय तिथे. आईलाही यायचंय म्हणते.

तो डबा मी घरी आणला. परवा रात्री पाणी भरून वर्तमानपत्रावर ठेवला. सकाळी उठून आधी तेच पाहिलं. कागद कोरडा होता.